अकरा वेळा पडलेला माणूस

पडद्यावरचा तरुण शिडीवरून सातव्यांदा खाली पडला आणि लेकीला हसू आवरेना.

"बाबा, खरंच की हो तुम्ही! फिल्ममध्ये काम केलंय म्हणायचात, तर आम्हाला आपली थापच वाटायची."

खुर्चीतले बाबा हसले नाहीत. मान पुढं काढून ते स्वतःचं पडणं बघत होते. आठव्यांदा. नवव्यांदा.

ती फिल्म जुळवणारी कलावंत बाई आपल्या कामाच्या खोलीच्या दाराशी अवघडून उभी होती. जुन्या, टाकून दिलेल्या फिल्मांतून नवं काहीतरी बांधायचं, हा तिचा उद्योग. ही रिळं तिला एका बंद कारखान्याच्या भंगारात सापडली होती. कामगारांना धडा म्हणून काढलेली फिल्म : शिडी कशी लावू नये. त्यातलं नुसतं पडणं तिनं एकापुढं एक जोडलं होतं. प्रदर्शन परवावर आलेलं. निमंत्रणपत्रिकेवरचा फोटो बघून लेकीनं फोन केला आणि आज वडिलांना घेऊन थेट दारात हजर. हा माणूस हयात असेल, हे बाईच्या ध्यानीमनीही नव्हतं. लोक कुठं कुठं हसतील, हेसुद्धा तिनं ठरवून ठेवलं होतं.

पडदा पांढरा झाला.

"आवडलं नसेल तर सांगा," ती म्हणाली. "काढून टाकते."

"काढायचं कशाला? पडलोय तो मीच." बाबा गुडघा चोळत म्हणाले. "पण बाई, अकरा वेळा पडलो तसा अकरा वेळा उठलोही होतो. ते कुठं गेलं?"

तरुण जमिनीवर आपटला, की पुढचं न बघताच ती कापून टाकायची. उठण्यात कसली आलीय गंमत!

तिनं कापलेल्या तुकड्यांचा डबा काढला. एकेक शोधून चिकटवायला तासभर गेला. जायची घाई कुणीच केली नाही.

पडद्यावर तरुण उठला. धूळ झटकली, 'जमलं का?' अशी मान उडवली आणि पुन्हा शिडी चढला. दहा वेळा. लेक आता पुढं सरकून बघत होती.

अकराव्यांदा मात्र तो उठेना. गुडघा धरून बसून राहिला. तेवढ्यात पडद्याच्या कडेनं एक हात आत आला. त्याला दोन बोटं नव्हती.

"थांबवा," बाबा म्हणाले.

तिनं कळ दाबली.

"हा माझा जोडीदार. शिडी धरायचा. साहेबांनी बजावलं होतं, मेलास तरी तुझा हात दिसता कामा नये. फिल्म सुरक्षेची, आणि ह्याची बोटं त्याच कारखान्यात गेलेली." बाबांनी पडद्यावरच्या त्या हाताकडं बोट केलं. "मी उठेना, तसा हा गडी धावला. साहेब कॅमेऱ्याशेजारून ओरडतायत, कापा, कापा ते!"

कात्री अजून तिच्या हातात होती. तिनं ती टेबलावर ठेवली.

"परवा हे सगळं दाखवणार," ती म्हणाली. "एक तुकडाही कमी नाही."

"पुढं आहे का अजून?"

"थोडंसं."

"मग चालू द्या."

त्या हातानं तरुणाला उभं केलं. तीन बोटं त्याच्या खांद्यावर क्षणभर टेकली. मग एक तळवा झपकन कॅमेऱ्यासमोर आला, पाचही बोटं शाबूत असलेला, आणि पडदा काळा झाला.