फोकसपुरती खुर्ची

मी स्वतःवरच माहितीपट करते. कॅमेऱ्यामागे मीच, पुढेही मीच. मग फोकस लावायला खुर्चीत कुणीतरी बसवावं लागतं. आई बसायची, पण तिला दम कुठला! मिनिटामिनिटाला विचारायची, "हलू का गं आता?"

ती गेल्यापासून मी खुर्चीत उशी ठेवते. फोकस लागला की उशी उचलून स्वतः बसते.

आज दुपारी सकाळचं चित्रण बघत होते. पडद्यावर मी उशी उचलली, आणि रिकाम्या खुर्चीतून आवाज आला, "हलू का गं आता?"

"नको, बस अजून," मी बोलून गेले.

सकाळी मी सरळ खुर्चीत बसले होते. पडद्यावरची मी मात्र बसता बसता थबकली, खाली जमिनीवर बसली आणि मांडीवर टेकवावं तसं तिनं डोकं टेकवलं. खुर्चीच्या बैठकीपासून वीतभर वर, रिकाम्या हवेत.