एकही सही नाकारली नाही

बाळंतपणाच्या रजेनंतर ती पहिल्यांदाच ऑफिसात आली, तर साहेब भलतेच खुशीत. “तुझी ती सही तपासणारी फाइल म्हणजे गुणाचं लेकरू! चौदा हॉस्पिटलांतले सगळे प्रोग्राम तीच एक फाइल वापरतात. डॉक्टरांची डिजिटल सही खरी आहे असं तिनं सांगितलं, की मगच नर्स औषध देते. सात महिन्यांत एक तक्रार नाही, एकही सही नाकारली नाही!”

तिला ते खटकलं. एकही नाही? कुणाच्या सहीची मुदत संपते, कुणी डॉक्टर नोकरी सोडून जातो. महिन्याला पाच-दहा सह्या तरी अडकायलाच हव्यात.

पर्स खांद्यावर तशीच ठेवून तिनं एक खोटी चिठ्ठी बनवली, औषध दसपट लिहिलं आणि सहीच्या जागी कीबोर्डवर नुसती बोटं फिरवली. स्क्रीनवर हिरवी अक्षरं उमटली : सही खरी आहे.

तिनं फाइलचा कोड उघडला. वरच एक ओळ होती : ‘चाचणीपुरतं सगळ्यांना हो म्हणायचं. दुपारी काढणे.’

“साहेब, चौदाही हॉस्पिटलांना आत्ताच्या आत्ता फोन लावा. डॉक्टरांना तोंडी विचारल्याशिवाय एक गोळीसुद्धा देऊ नका म्हणावं.”

साहेबांचा चेहरा खर्रकन उतरला. “कुणी केला हा गाढवपणा?”

“मीच. जेवून आले की काढणार होते,” ती म्हणाली, “तेवढ्यात कळा सुरू झाल्या.”