दंडाचा कोड

रेवा रडायला लागली तशी शलाका उठली, पण हॉस्पिटलनं दिलेला यंत्रहात पाळण्याशी आधीच पोचला होता. त्यानं पोरीला अलगद उचललं आणि थेट शलाकासारखंच थोपटलं. शलाकाच्या उजव्या दंडाचं हाड मोडलं, तेव्हा हे थोपटणं त्यानं तिच्याकडूनच शिकून घेतलं होतं.

रेवा लगेच शांत झाली. शलाकाचा जीव जळला.

"यंत्रावर काय जळतेस गं?" सासूबाई हसल्या. "मी तुझ्यावर जळले, तेव्हा समोर निदान माणूस तरी होतं."

तेवढ्यात हॉस्पिटलच्या कोडिंग विभागातून, म्हणजे पेशंटच्या दुखण्याचे कोड नोंदवतात तिथून, घाडग्यांचा फोन आला. "ताई, दंडात बसवलेल्या सेन्सरच्या पट्टीनं कळवलंय, हाड अजून सांधलेलं नाही. 'उशिरा सांधतंय' हा कोड टाकतो. म्हणजे यंत्रहात राहील तुमच्याकडेच."

"'सांधलं' असा टाका ना."

"टाकला तर हात आजच परत न्यावा लागेल. आणि तुम्ही बाळाला उचललंत की दंड पुन्हा मोडेल."

शलाकानं यंत्रहातातल्या रेवाकडे पाहिलं. मग म्हणाली, "बरं, उशिराचाच टाका. पण थोपटणं बंद करता येतं का त्याचं? उचलून माझ्या मांडीवर ठेवलं की झालं."

घाडग्यांनी ते बंद केलं. यंत्रहातानं रेवाला शलाकाच्या मांडीवर ठेवलं आणि तो मागे सरला. शलाका डाव्या हातानं थोपटू लागली. ते काही जमेना. रेवानं डोळे उघडले आणि भोकाड पसरलं.

"अगं, दे त्याच्याकडे!" सासूबाई म्हणाल्या.

"रडू दे, आई," शलाका म्हणाली. "माझ्यापाशी रडतेय ती."