अग्निफळाचा वारस

नीलारण्याच्या राज्यात अग्निफळ एकच होतं. खोट्याच्या हातात ते विझलेलं राही, खऱ्या वारसाने उचललं की आपोआप पेटे, आणि त्याच्या उजेडात भलीभली सैन्यं शस्त्रं खाली ठेवत. वर्षातले अकरा महिने ते दिल्लीजवळच्या इंदिरापुरममध्ये विश्वासराव दामल्यांच्या माळ्यावर, जुन्या कुकरच्या खोक्यात असे. तिथल्या मराठी मंडळाकडे नाटकाचं सामान ठेवायला जागा नव्हती.

गणेशोत्सवात मंडळ दरवर्षी ‘नीलारण्याचा वारस’ हेच नाटक करी. नाटक भाऊसाहेबांनी लिहिलं होतं, आणि दरवर्षी अध्यक्षही भाऊसाहेबच असत. राजपुत्राचं काम विश्वासरावांचं, हे इतकं ठरलेलं होतं की बैठकीत कोणी विचारतही नसे. यंदा भाऊसाहेबांनी विषय काढला.

“विश्वासराव, राजपुत्र वीस वर्षांचा आहे हो.”

“पूर्वीही वीसच वर्षांचा होता, भाऊसाहेब.”

“तेच तर. तो तिथेच थांबला.” भाऊसाहेबांनी चहात बिस्किट बुडवलं. “यंदा उल्हासला घेऊ. तुम्ही दुष्ट सेनापती करा. त्या भूमिकेला वजन लागतं, ते तुमच्याकडे आहे.”

उल्हास मानेसरच्या एका कारखान्यात एचआरला होता. उंच, सडपातळ, केस शाबूत. वाकून नमस्कार करत तो म्हणाला, “काका, सांभाळून घ्या.” ‘काका’ हा शब्द विश्वासरावांना चहाबरोबर गिळावा लागला.

“बरा आहे की मुलगा,” घरी आल्यावर त्यांची बायको सुमित्रा म्हणाली. नाटकाचं प्रॉम्प्टिंग पहिल्यापासून तिच्याकडे होतं.

“बरा कसला? ‘वारस’ला ‘वारिस’ म्हणतो. दिल्लीत वाढलेलं प्रॉडक्ट.”

“शिकेल. घाई तर करत नाही ना?”

घाई हा त्या घरात नाजूक विषय होता. विश्वासराव मिनिस्ट्रीत शिपायाने कुलूप काढायच्या आधी पोहोचत, आरतीत टाळी इतरांच्या आधी वाजवत आणि सिग्नल हिरवा व्हायच्या आत हॉर्न देत. ते याला शिस्त म्हणत. सुमित्राकडे दुसरा शब्द होता, पण संसार टिकवायचा म्हणून ती तो वापरत नसे.

अग्निफळ म्हणजे दिल्लीतल्या भगीरथ पॅलेसच्या विजेच्या सामानाच्या बाजारातून आणलेला दिव्याचा काचेचा गोळा. खाली सोनेरी बैठक, बैठकीत सेल आणि अंगठ्याखाली येईल असं बटण. “नीलारण्या, जागा हो” असं राजपुत्राने म्हटलं की ते पेटायचं. पहिल्या वर्षी ते वाक्याच्या आधीच पेटलं आणि हशा झाला. दुसऱ्या वर्षापासून मात्र ‘हो’वर बरोबर पेटू लागलं. विश्वासराव त्याचं श्रेय रियाजाला देत. ते घरी टीव्हीच्या रिमोटवर अंगठा चालवून सराव करत.

सेल बदलणं, काच पुसणं ही कामं सुमित्राची. तालमीला अग्निफळ न्यायचं नाही, फुटेल, हा नियमही तिचाच. तालमीत नारळ चाले. प्रयोगाला ती विंगेत खुर्ची टाकून बसे, एका हातात संहिता आणि दुसरा हात मांडीवरच्या पर्समध्ये.

“मोबाइल बघत असशील,” विश्वासराव चिडवत.

“तसंच काहीसं,” ती म्हणे.

यंदा उल्हास नारळसुद्धा असा उचले की तालमीला आलेल्या बायका गप्पा थांबवत. एकदा सुमित्राने त्याच्या घशासाठी आल्याची वडी काढून दिली. सेनापतीचा घसाही बसला होता, पण त्याला कोणी विचारलं नाही. त्या वडीवर विश्वासरावांनी दोन रात्री काढल्या.

प्रयोगाच्या दिवशी दुपारी सुमित्रा मोदकांच्या मदतीला हॉलवर गेली आणि विश्वासरावांनी माळ्यावरून खोकं उतरवलं. सेल काढून घेणं सोपं होतं, पण प्रयोगाआधी ती सेल तपासते हे त्यांना ठाऊक होतं. त्यांनी बटणाच्या कडेने फेविक्विकचे थेंब सोडले. बटण दगडासारखं बसलं. त्याबरोबर त्यांच्या अंगठ्याची थोडी कातडीही गेली.

पुढचं वाक्य त्यांनी स्वतःच रचून ठेवलं होतं. राजपुत्राच्या हातातही अंधार राहिला की सेनापती गरजणार होता, “मग नीलारण्याला वारसच नाही!” आणि सिंहासनावर बसणार होता. मध्यंतरात ते त्यावर बसून आले. खुर्ची जरा डुगडुगत होती, पण चालण्यासारखी होती.

अखेरच्या अंकात सेनापतीने अग्निफळ उचललं. अंधार. पोरांनी हुर्यो केली. विश्वासरावांनी ते सावकाश, जवळजवळ प्रेमाने उल्हासच्या हातावर ठेवलं.

“नीलारण्या, जागा हो.”

अग्निफळ पेटलं.

विश्वासरावांचं वाक्य राहूनच गेलं. उल्हासचा अंगठा बटणाच्या आसपासही नव्हता. त्याने ते उघड्या तळहातावर नुसतं तोललं होतं, आणि त्या पिवळ्या उजेडात तो खरोखरच कुठल्यातरी राज्याचा वाटत होता. पत्रिका न बघता लग्न केलेल्या विश्वासरावांच्या अंगावर काटा आला. संहितेप्रमाणे सेनापती इथे पळून जातो. विश्वासराव गुडघ्यांवर बसले आणि त्यांनी मान खाली घातली.

हॉल उभा राहिला. भाऊसाहेबांनी डोळे पुसले. “इतकी वर्षं आपण या माणसाला चुकीचं काम देत होतो,” ते शेजाऱ्याला म्हणाले.

पडदा पडल्यावर उल्हास धावत आला. “काका, रोंगटे खडे हो गये. तुम्ही खरंच घाबरलात असं वाटलं.”

“ते बटण,” विश्वासराव म्हणाले.

“ते जाम होतं हो. पण काकू आधीच म्हणाल्या होत्या, बटणाला हात लावू नकोस, नुसतं उचल. तुम्हीही तसंच करायचात ना?”

सुमित्रा पलीकडे प्रसाद वाटत होती. “अहो,” तिने तिथूनच हाक मारली, “गाडीची किल्ली माझ्या पर्समध्ये आहे, तेवढी घ्या.”

विश्वासरावांनी पर्स उघडली. आत चष्मा होता, आल्याच्या वड्या होत्या, किल्ली होती आणि एक छोटा रिमोट होता. त्याच्या एकुलत्या एका बटणावरचा रंग वापरून वापरून केव्हाच उडून गेला होता.