चौकी नसलेला चौक

फिलोमेना थांबली, पुतोची टोपली कमरेवर सरकवली आणि कमरेत वाकली. समोर कोणीच नव्हतं.

न वाकणाऱ्याच्या थोबाडीत मारणारे जपानी पहारेकरी मनिलातून केव्हाच गेले होते. त्यांची लाकडी चौकी लोकांनी फोडून चुलीत घातली होती. तिच्या जागी जमिनीवर एक चौकोन तेवढा राहिला होता, आणि त्यातही गवत उगवायला लागलं होतं. तरी तिथून जाणारा प्रत्येक जण थांबे, वाके आणि मुकाट पुढे जाई. बाजार पुन्हा भरू लागला होता, घासाघीस चालायची, भांडणंही व्हायची. त्या कोपऱ्यावर मात्र बोलणं आपोआप बंद पडे. रोजची येणारी-जाणारी माणसं फिलोमेनाला पायांवरून ओळखू येत. चेहरे तिने पाहिलेच नव्हते.

तांदळाचे ते वाफाळते पुतो विकता विकता ती थोरल्या भावाची चौकशी करी. लढाईत एउसेबियोची गल्ली जळाली, त्यानंतर तो कोणाला दिसला नव्हता. दवाखाने पालथे घालून झाले होते. आता लोक तिला हलकेच सुचवू लागले होते, की त्याच्या नावाने चर्चमध्ये प्रार्थना सांग.

एका सकाळी तिला वाकताना पाहून शेजारची सिमेओना म्हणाली, "काय गं, कुणाला नमस्कार करतेस? मलाही दाखव की."

फिलोमेना ओशाळली. सिमेओना हसत हसत पुढे झाली, चौकोनापाशी आली, आणि तिचं हसू थांबलं. ती वाकली. मग मागे वळून म्हणाली, "चल ना, उशीर होतोय." आपण काय केलं, हे तिच्या गावीही नव्हतं.

फिलोमेनाने वळून त्या गवताकडे पाहिलं.

दुसऱ्या दिवशी ती वाकली नाही. आता थोबाडीत बसणार म्हणून तिने डोळे गच्च मिटले. काहीच झालं नाही. डोळे उघडले, तर दोन्ही बाजूंनी माणसं येत होती आणि त्या गवतापुढे वाकत होती. समोरून फाटके कॅनव्हासचे बूट आले. हे बूट रोज तिच्या शेजारून जात. आज वाकण्याआधी क्षणभर वरचा चेहराही दिसला. भाजलेला, पण एउसेबियोचाच.

"दादा," तिने हाक मारली.

हाक ऐकताच तो आणखी खाली वाकला.

तिने दुसऱ्यांदा हाक मारली नाही. टोपली बाजूला ठेवली आणि ती त्याच्यापुढे रस्त्यातच मांडी घालून बसली, मान वर न करताही त्याला दिसेल अशी.