एकटी चौकट

"यातून एकबी रेघ बाहेर काऊन जात नाही?" रंगराव साहेबांनी भिंतीवरच्या तक्त्यातल्या एका चौकटीला टिचकी मारली.

आसिमनं पुन्हा तक्त्याकडे पाहिलं. सकाळपासून हेच चाललं होतं.

कापूस तक्रार कक्षाचा डेटाबेस ज्या कंपनीनं बनवला, ती ठेका संपताच कागदाचा कपटाही मागे न ठेवता निघून गेली होती. आता विभागाचे साहेब तपासणीला येणार, कुठली माहिती कुठून कुठे जाते याचा नकाशा त्यांना भिंतीवर हवा, आणि हे रंगरावांना आठवलं काल संध्याकाळी. कक्षात ऑपरेटर एकच, आसिम. त्यानं नेटवरून एक ओपन सोर्स सॉफ्टवेअर उतरवलं. ते स्वतःच डेटाबेस वाचतं, प्रत्येक टेबलाची चौकट काढतं आणि जी टेबलं एकमेकांना जोडलेली असतील त्यांच्यात रेघ ओढतं. फ्लेक्सवाल्यानं ते चकचकीत कागदावर मोठं छापून दिलं. शेतकरी, गाव, गट नंबर, बियाणं, पंचनामा, साऱ्या चौकटी रेघांनी बांधलेल्या. फक्त 'तक्रार' ही चौकट कोपऱ्यात, वाळीत टाकल्यासारखी.

"साहेब, पंचनाम्याच्या टेबलात तक्रार नंबराचा रकानाच नाही. तक्रार येते, तिच्यातल्याच मोबाईल नंबरवर शेतकऱ्याले मेसेज जाते, अन् मंग थे तिथंच पडून राह्यते. कोणाकडंच जात नाही."

"तुह्या फुकटच्या सॉफ्टवेअरले दिसत नसन."

"हाय थेच दाखवते थे, साहेब."

नाचता येईना, अंगण वाकडं. रंगरावांनी ड्रॉवरमधून निळा मार्कर काढला. "दुपारी साहेब येऊन राह्यले. पट्टी घे अन् तक्रारीतून पंचनाम्यात एक रेघ मार. बाकी मागून पाहू."

"डेटाबेसातच जोडू ना."

"त्याले वरून मंजुरी लागते. याले लागत नाही."

या माणसापुढे बोलणं म्हणजे पालथ्या घड्यावर पाणी. आसिमनं रेघ मारली. ती सरळ आली, याचाच त्याला जास्त संताप आला.

तेवढ्यात वरवट बकालच्या सत्यभामाबाई आत आल्या. त्यांनी पिशवीतली बोंडं टेबलावर ओतली. उकललेल्या प्रत्येक बोंडात गुलाबी अळी होती. पंचनाम्याची वाट पाहत त्यांनी कपाशीची किडलेली पऱ्हाटी अजून वावरात उभी ठेवली होती. उपटली तर अधिकारी पाहणार काय, आणि भरपाई मिळणार कशाची? शेजाऱ्यांनी कधीच कापूस मोडून हरभरा पेरला होता, आणि तो वीतभर वर आला होता.

"तक्रारीचा मेसेज आला, मानूस काही आला नाही," त्या म्हणाल्या. "विहिरीले आता पानी हाय, पुढं नसन. मले एवढंच सांगा, येऊन राह्यले का नाही?"

रंगराव खुर्चीतून उठले आणि त्यांना तक्त्यापाशी घेऊन गेले. "हे पाहा बाई, ही तुमची तक्रार. अन् ही रेघ इथून थेट पंचनाम्यात जाते. येतीनच आता. पऱ्हाटी राहू द्या उभी."

बाईंना हायसं वाटलं. त्यांनी 'तक्रार'वर बोट ठेवलं आणि रस्ता ध्यानात ठेवावा तसं ते रेघेवरून हळूहळू पंचनाम्यापर्यंत नेलं. मग बोटाकडे पाहिलं. ते निळं झालं होतं. त्यांनी शेजारची रेघ चाचपली, तिच्याखालची चाचपली.

"बाकीच्या तं वाळेल हायेत. माह्यीच काऊन ओली?"

रंगराव खिडकीपाशी जाऊन साहेबांची जीप आली का ते पाहू लागले.

बाईंनी बोट पदराला पुसलं आणि आसिमकडे वळल्या. "बाबू, हरभरा पेरू का?"

मार्कर अजून त्याच्याच हातात होता. त्यानं खिडकीकडे पाहिलं. रंगरावांची पाठ हलली नाही.

"आजच पऱ्हाटी उपटा, मावशी," खिडकीपर्यंत ऐकू जाईल एवढ्या मोठ्यानं आसिम म्हणाला. "अन् पेरा."