कपाटामागची खिडकी

"आई भ्रमिष्ट झालीय. भर दुपारी अंथरूण घालते, रात्री पोहे मागते. पुढच्या आठवड्यात वृद्धाश्रमात सोडतोय," आईच्या देखतच दादा म्हणाला.

माहेरी आलेल्या वृंदाने खोलीभर नजर फिरवली. एकुलती एक खिडकी झाकून भलंमोठं कपाट उभं होतं. दिवसाढवळ्या ट्यूबलाइट जळत होती.

"इथे उजाडतं कधी, मावळतं कधी, तिला कळणार कसं?" ती कडाडली.

"कपाटाला दुसरी जागाच नाही," वहिनी पुटपुटली.

वृंदाने पदर खोचून कपाटाला खांदा लावला आणि संतापाच्या भरात ते एकटीने सरकवलं. मावळतीचं ऊन आईच्या मांडीवर पडलं.

आई बराच वेळ बाहेर बघत राहिली. मग दादाकडे वळून दरडावून म्हणाली, "तिन्हीसांजा होत आल्या. आधी देवापाशी दिवा लाव. वृद्धाश्रमाचं मग माझ्याशी बोल."